अकरा वाजून बारा मिनिटं

जे लाईनवर नाही, ते बोललंच गेलं नाही. हे वाक्य माझं आहे. शेअर ब्रोकरच्या ऑफिसात सतरा वर्षं काढल्यावर माणसाकडे स्वतःचं म्हणावं असं फारसं काही उरत नाही, पण हे वाक्य मी घडवलं आणि नव्यानं येणाऱ्या प्रत्येक डीलरच्या डोक्यात ठोकून बसवलं. आमच्या डीलिंग रूमच्या, म्हणजे सौदे होतात त्या खोलीच्या, दाराशी लाकडी खणांचं एक कपाट आहे. आत जाताना प्रत्येकानं आपला मोबाईल आपापल्या खणात ठेवायचा. आतल्या टेबलांवर जे फोन आहेत, त्यांच्यावरचा शब्दन् शब्द रेकॉर्ड होतो; त्यांनाच आम्ही लाईन म्हणतो. क्लायंट म्हणाला, मी हे घ्यायला सांगितलंच नव्हतं, तर आम्ही रेकॉर्डिंग लावून दाखवतो. क्लायंट म्हणाला, मी तुमच्या माणसाला जिन्यात गाठून नको म्हणून सांगितलं होतं, तर आम्ही खांदे उडवतो. जिन्यात रेकॉर्डिंग नाही.

ऑफिसात मला कात्रीबाई म्हणतात. एखाद्या क्लायंटचं खातं तोट्यात गेलं आणि त्यानं वेळेत भर घातली नाही, की त्याचे सौदे कापायचे आणि आमच्याकडे तारण असलेले त्याचे शेअर विकून टाकायचे, हे काम माझं. लोक माझ्या नावानं खडे फोडतात. मला त्याचं फारसं वाईट वाटत नसे, उलट ते नाव थोडं आवडायचंच, खोटं कशाला बोलू. मऊ माणसाला त्या खुर्चीवर कुणी बसवत नाही आणि मला तिथं बसवलं होतं.

सिस्टरांना या ऑफिसात मीच आणलं. हे आधी सांगून टाकते, नाहीतर पुढं कुठंतरी गिळून टाकेन.

माझे वडील अकरा आठवडे हॉस्पिटलात होते, त्या वॉर्डाच्या त्या मुख्य नर्स. सगळे त्यांना नुसतं सिस्टर म्हणायचे, आम्हीही तेच म्हणत राहिलो. एकदा वडिलांचं दोनचं इंजेक्शन त्यांच्याकडून पावणेतीनला दिलं गेलं, कारण पलीकडच्या खाटेवरची बाई अत्यवस्थ झाली होती. सिस्टरांनी तक्त्यावर ठळक अक्षरांत लिहिलं, दोन पंचेचाळीस. संध्याकाळी मोठ्या डॉक्टरांनी सगळ्या वॉर्डासमोर त्यांची खरडपट्टी काढली. मी तेव्हा पंचविशीची, शहाणपणा उतू चाललेला. म्हटलं, "सिस्टर, दोन लिहिलं असतं तर कुणाच्या बापाला कळलं असतं?"

"पुढची नर्स माझं लिहिलेलं बघून पुढचं इंजेक्शन देते," त्या म्हणाल्या. "मी दोन लिहिलं तर ती चुकेल. आणि ज्याला टोचायचंय तो तुझाच बाप आहे."

वडील गेले, पण सिस्टर सुटल्या नाहीत. आईला भेटायला येत राहिल्या. निवृत्त झाल्यावर त्यांनी मला विचारलं की आयुष्यभर दर वर्षी थोडे थोडे करून एका औषध कंपनीचे शेअर घेतलेत, ते नीट कुठं ठेवू. मी म्हटलं, आमच्याकडे ठेवा की, मी आहे ना. त्या शेअरांमागचा हिशेब साधा होता. चाळीस वर्षं उभं राहून त्यांचे गुडघे कामातून गेले होते आणि त्या चौथ्या मजल्यावर राहतात, लिफ्ट नसलेल्या इमारतीत. बहात्तर पायऱ्या. त्यांनीच मोजून सांगितल्या होत्या. शेअर विकून तळमजल्यावरची एक खोली घ्यायची, एवढंच त्यांना करायचं होतं. खोली बघूनही ठेवली होती. मागच्या बाजूला, खिडकीसमोर भिंत, पण दारात एकही पायरी नाही.

मग आमच्या गोडबोल्यानं त्यांचं खातं हातात घेतलं. हा आमचा डीलर. त्याचं खरं नाव आता कुणाला आठवतही नाही, इतकं हे नाव त्याला शोभतं. सिस्टरांचे शेअर नुसते पडून आहेत, त्यांच्या तारणावर रोजचे सौदे केले तर आपल्याला दलाली सुटते, हे त्यानं हेरलं. सकाळी तो स्वतःच्या मनानं सौदे करी आणि बाजार संपल्यावर फोन लावून यादी घडाघडा वाचून दाखवी, "सिस्टर, आजचं हे असं असं झालं, बरोबर ना?" सिस्टरांना वाटे, पोरगा रोज आठवणीनं फोन करतो. त्या म्हणत, "हो रे बाबा, बरोबर." असे त्यांचे एकशे चाळीस 'हो' आमच्या लाईनवर आहेत. मी ती यादी रोज बघत होते. सौद्यांची संख्या बघून मला कळायला हवं होतं, आणि कळलंही होतं. पण खातं नफ्यात होतं तोवर माझ्या कात्रीचा संबंध नव्हता, म्हणून मी मूग गिळून बसले.

खातं तोट्यात गेलं तेव्हा एकदम गेलं. साहेबांनी, म्हणजे आमच्या मालकांनी, सिस्टरांना पत्र पाठवलं की एवढी एवढी रक्कम भरा, नाहीतर शेअर विकू. सिस्टरांचं म्हणणं, हे सौदे मी सांगितलेच नव्हते. असलं भांडण आमच्या धंद्यात लवादाकडे जातं. लवाद म्हणजे दोन्ही बाजूंचं ऐकून निकाल देणारा तिऱ्हाईत माणूस. पण तो नेमायला, त्यानं ऐकायला, निकाल लिहायला महिनोन् महिने जातात. तोवर ज्या शेअरांवरून भांडण, तेच कुणी विकून टाकले तर निकाल घेऊन काय करायचंय? म्हणून सिस्टरांच्या वकिलांनी कोर्टात अर्ज केला. लवादाचा निकाल लागेपर्यंत शेअरांना हात लावू नका, आहेत तसे राहू द्या, एवढाच अंतरिम आदेश त्यांना हवा होता.

अर्जाची नोटीस आम्हाला मिळाली होती. सुनावणी त्या दिवशी सकाळी आहे, हे साहेबांना माहीत होतं. आमच्या वकीलबाई मात्र कोर्टात गेल्या नाहीत. त्यांना दुसऱ्या कोर्टात काम होतं असं नंतर सांगण्यात आलं. खरी गोष्ट अशी की तिथं आपलं कुणी हजरच नसेल तर न्यायाधीश काय बोलले हे आपल्याला कळलं असं कुणी म्हणू शकत नाही. साहेब सकाळी माझ्या टेबलापाशी येऊन म्हणाले, "सिस्टरांचं आज करून टाका. साडेअकराच्या आत."

"आज कोर्टात आहे ना?"

"म्हणून तर आजच."

मी यादीत त्यांचं खातं वर घेतलं. अकराच्या सुमारास चहा घ्यायला बाहेर पडले, जाता जाता खणातला मोबाईल उचलला. चहाची जागा म्हणजे एक चिंचोळी खोली, एक ओटा, एक नळ आणि कधीच न पुसलेलं एक घड्याळ. कप विसळत होते तोवर फोन वाजला. सिस्टर.

"अगं, मिळाला आदेश!" त्यांचा आवाज असा मी कधी ऐकला नव्हता. "आत्ता वकिलांचा फोन आला. न्यायाधीश म्हणाले, निकाल लागेपर्यंत कुणी हात लावायचा नाही. कागद दुपारी येईल म्हणे. मी म्हटलं, कागद येईल तेव्हा येईल, आधी तुला कळवावं. तुझ्याच टेबलावर असतं ना ते?"

"हो," मी म्हटलं. "काळजी करू नका सिस्टर. मी बघते."

"बघशील ना?"

"बघते म्हटलं ना. तुम्ही आराम करा."

घड्याळात अकरा वाजून बारा मिनिटं झाली होती. मी घड्याळ बघितलं, कारण वेळ बघणं ही माझी सवयच आहे. आमच्याकडे सगळं मिनिटावर चालतं.

मी तडक साहेबांच्या केबिनमध्ये गेले. एवढं मी केलं. त्याचं श्रेय मी बरेच दिवस स्वतःला देत होते. सांगितलं की आदेश झालाय, सिस्टरांचा फोन होता. साहेबांनी चष्मा काढून पुसला. म्हणाले, "कुठल्या लाईनवर?"

"माझ्या मोबाईलवर."

"मोबाईलवर." त्यांनी चष्मा परत चढवला. "बाई, आपल्याकडे काय नियम आहे? तुम्हीच पोरांना शिकवता."

मी काचेतून माझ्या टेबलाकडे बघितलं.

"जे लाईनवर नाही?" ते म्हणाले आणि वर्गातल्या मास्तरासारखे माझ्या तोंडाकडे बघत राहिले.

मी उरलेलं वाक्य पूर्ण केलं. माझ्या तोंडानं, माझ्या आवाजात. मग टेबलाशी येऊन बसले, टर्मिनलवर त्यांचं खातं उघडलं आणि अकरा सव्वीसला सगळे शेअर विकून टाकले. पाच तुकड्यांत गेले. साहेब मागं उभे होते, पण त्यांनी माझा हात धरून बटण दाबलं नाही. हात माझाच होता. आणि सगळ्यात लाजिरवाणी गोष्ट म्हणजे तेव्हा मला ते विशेष जड गेलं नाही. मग मी पुढचं खातं उघडलं.

आदेशाची लेखी प्रत मेलनं एक वाजून पाच मिनिटांनी आली. संध्याकाळी मोबाईल खणातून काढला तर सिस्टरांचे तीन फोन येऊन गेले होते. मी उलट फोन केला नाही. त्या दिवशी नाही आणि नंतरही नाही.

आईला काहीच माहीत नव्हतं. आई माझ्याकडेच असते, आम्ही दोघीच. तिची औषधं, तिची दिवसा येणारी बाई, घराचं भाडं, सगळं माझ्या पगारावर. हेही मी स्वतःला शंभरदा सांगून झालं. चार दिवसांनी जेवताना ती म्हणाली, "सिस्टर बरेच दिवस आल्या नाहीत गं. त्यांच्या त्या कोर्टाचं काय झालं?"

"चाललंय."

"तू आहेस म्हणून बरं आहे त्यांना," आई म्हणाली आणि पानातली भाजी माझ्याकडे सरकवली. मी उठून स्वयंपाकघरात गेले आणि नसलेली भांडी घासायला लागले.

सिस्टरांच्या वकिलांनी पुन्हा कोर्टात धाव घेतली. त्यांचं म्हणणं, आदेश मोडून विक्री झाली, शेअर परत आणून ठेवायला सांगा. आमचं म्हणणं, विक्री आधी झाली, आदेश आम्हाला नंतर कळला. माहीतच नव्हतं, तर मोडलं काय? त्यासाठी विक्री करणाऱ्या व्यक्तीचं प्रतिज्ञापत्र लागणार होतं. वकीलबाईंनी ते टाईप करून आणलं. त्यात लिहिलं होतं की त्या दिवशी दुपारी एक वाजून पाच मिनिटांपूर्वी मला किंवा कंपनीतल्या कुणालाही या आदेशाची कोणत्याही मार्गानं माहिती नव्हती.

"'कोणत्याही मार्गानं' हे हवंच का?" मी विचारलं.

वकीलबाई माझ्याकडे बघून गोड हसल्या. "का? काही मार्ग होता का?"

साहेब खिडकीबाहेर बघत होते.

मी सही केली. आणि वर शहाणपणा असा, की सही करण्याआधी खातेक्रमांकात एक आकडा चुकला होता तो मी दुरुस्त करून दिला. खोट्या कागदात आकडा तरी खरा असावा! आज ते आठवलं की कानशिलं तापतात.

सही केली तरी एक भीती होतीच. सिस्टरांनी त्या फोनबद्दल वकिलांना सांगितलं असणार. मोबाईलवरच्या बोलण्याचं रेकॉर्डिंग नसतं, पण फोन झाला होता एवढं फोन कंपनी सांगू शकते. मी रोज वाट बघत होते की समोरून कागद येईल. आमच्या प्रतिज्ञापत्रावर त्यांचं उत्तर आलं तेव्हा ते मी तीनदा वाचलं. त्यात त्या फोनचा उल्लेख नव्हता. मला हायसं वाटलं. बाई विसरल्या, म्हातारपण, असं काहीतरी मी मनाशी म्हटलं. ज्या बाईनं इंजेक्शनची पंचेचाळीस मिनिटं लपवली नाहीत, ती हे विसरेल असं मला खुशाल वाटलं, कारण मला तसं वाटून हवं होतं.

सुनावणीच्या दिवशी मला हजर राहायला सांगितलं होतं. कोर्टाची खोली लहान होती, उंच छत, खाली जुनी बाकं. आम्ही डाव्या बाजूला, वकीलबाई पुढं, मी आणि साहेब मागं. उजव्या बाजूला सिस्टरांचे वकील, एक बारकेसे गृहस्थ, कोटाची कोपरं झिजलेली. त्यांच्यामागं सिस्टर. मी आधी त्यांच्याकडे बघितलंच नाही, त्यांच्या चपलांकडे बघितलं. त्या पांढऱ्याच चपला घालतात अजून, वॉर्डातल्यासारख्या. मांडीवर वही होती. निवृत्तीनंतरही त्यांची ती सवय गेली नव्हती. वहीत त्या रोजच्या नोंदी करतात, वेळेसकट. गोळी किती वाजता घेतली, दूध किती वाजता आलं, कुणाचा फोन आला. आई त्यावरून त्यांची चेष्टा करायची, "सिस्टर, शिंक आली तरी लिहाल." सिस्टर म्हणायच्या, "दोन आल्या तर लिहीन."

न्यायाधीशांना खोकला झाला होता. गोळी गालात धरून ते बोलत होते, त्यामुळं आवाज अगदी घरगुती वाटत होता. त्यांनी सिस्टरांच्या वकिलांना विचारलं, "आदेश मी अकराच्या आधी दिला. विक्री अकरा सव्वीसची. प्रत पोचली एक पाचला. मधल्या वेळात यांना कळलं होतं, याला काही आधार?"

"साहेब, नोटीस मिळूनही यांचे वकील गैरहजर राहिले, आणि नेमकी त्याच तासात विक्री झाली, हे पुरेसं बोलकं आहे."

"बोलकं आहे. पण आधार आहे का?"

वकील हातातले कागद चाळू लागले. मग न्यायाधीशांनी मान उचलून थेट मागं बघितलं. "बाई, तुम्ही स्वतः त्या सकाळी यांच्यापैकी कुणाला काही कळवलं होतं?"

सिस्टर पुढचं बाक धरून उठल्या. उठायला त्यांना वेळ लागला, गुडघ्यांचा कट असा आवाज मला इकडे ऐकू आला. त्यांनी एकदाच माझ्याकडे बघितलं. रागानं नाही. वॉर्डात त्या फेरी मारताना एकेका खाटेकडे बघायच्या ना, हा ठीक आहे, हा ठीक आहे, तसं. मग न्यायाधीशांकडे वळल्या.

"नाही," त्या म्हणाल्या.

मला आधी वाटलं, चुकीचं ऐकलं.

"त्या वहीत तुम्ही रोजचं लिहिता का?" न्यायाधीशांनी विचारलं. मघाशी कसलीशी तारीख सांगताना सिस्टरांनी ती उघडून बघितली होती.

"हो."

"त्या दिवशीचं बघू."

शिपायानं वही वर नेऊन दिली. न्यायाधीशांनी पानं उलटली, पुन्हा मागं आले. "चौदा तारीख आहे, मग एकदम सोळा. पंधराचं पान नाहीये."

"फाटलं," सिस्टर म्हणाल्या.

एवढा एकच शब्द. तो बोलताना त्यांची मान खाली गेली. चाळीस वर्षं त्या बाईनं एक ओळ खोडली नव्हती, डॉक्टरांच्या शिव्या खाल्ल्या पण आकडा बदलला नव्हता. आणि माझ्यासाठी, माझ्यासारखीसाठी, त्यांनी अख्खं पान फाडलं होतं. विसरल्या नव्हत्या. मला वाचवायला गप्प बसल्या होत्या, आणि मी त्याला म्हातारपण म्हटलं होतं. तिथं त्या बाकावर मला स्वतःची अशी किळस आली की बसवेना. लोक म्हणतात धरणी पोटात घेईल तर बरं, ते मला तेव्हा पहिल्यांदा कळलं. फरशी घट्ट होती, काही झालं नाही.

मी उभी राहिले.

साहेबांनी माझी बाही धरली. "लाईनवर नाहीये," ते दातांतल्या दातांत म्हणाले. "बसा खाली."

"फोन आला होता," मी म्हटलं. आवाज अर्धाच निघाला, म्हणून न्यायाधीशांकडे बघून पुन्हा म्हटलं. "साहेब, फोन आला होता. मला."

न्यायाधीशांनी चष्म्यावरून बघितलं. "तुम्ही कोण?"

"शेअर मी विकले. ते प्रतिज्ञापत्र माझं आहे. ते खोटं आहे."

वकीलबाई गर्रकन वळल्या. न्यायाधीशांनी हात वर करून सगळ्यांना थांबवलं. म्हणाले, "तुम्ही काय बोलताय त्याचा परिणाम माहीत आहे ना? वाटल्यास वकिलाचा सल्ला घ्या, मग बोला."

"सल्ल्यानंच केली होती सही," मी म्हटलं. मागं कुणीतरी खुदकन हसलं. मला विनोद करायचा नव्हता. "अकरा वाजून बारा मिनिटांनी फोन आला. माझ्या मोबाईलवर. आदेश झालाय, हात लावू नका, असं सिस्टरांनी मला स्पष्ट सांगितलं. मी काळजी करू नका म्हटलं. मग मालकांना सांगितलं, आणि मग अकरा सव्वीसला विकले."

पुढचं सगळं पंधरा मिनिटांत झालं. न्यायाधीशांनी तिथंच आदेश लिहून घेतला. कंपनीनं तीन दिवसांत तेवढेच शेअर स्वतःच्या खर्चानं बाजारातून घेऊन सिस्टरांच्या खात्यात आणून ठेवायचे, आणि लवादाचा निकाल लागेपर्यंत त्यांना कुणी बोट लावायचं नाही. आदेश माहीत असून मोडल्याबद्दल मालकांना नोटीस. खोटं प्रतिज्ञापत्र केल्याबद्दल मला नोटीस, वेगळी. साहेब माझ्याकडे न बघता निघून गेले. दारापाशी थांबून एवढंच म्हणाले की खण रिकामा करून जा.

मी बाहेर आले तेव्हा सिस्टर व्हरांड्यातल्या बाकावर बसल्या होत्या. त्यांचे वकील आत प्रतीसाठी थांबले होते. मी समोर उभी राहिले. शाळेत बाहेर काढल्यावर उभं राहतात तशी.

"कशाला बोललीस?" सिस्टर म्हणाल्या. "गेली ना नोकरी?"

"गेली."

"आईचं कसं करणार आता?"

"बघू काहीतरी. सिस्टर, तुम्ही का..."

"तुझी आई तुझ्या जिवावर आहे घरात. मला काय, बहात्तर पायऱ्यांची सवय आहे." त्यांनी पर्स उघडली, चष्म्याचं घर काढलं. चष्म्याच्या खाली एक कागद चार घड्या घालून ठेवला होता. "पान फेकवेना मला. हे वकिलांना नेऊन दे. आता लागेल त्यांना."

"सिस्टर, मला माफ—"

"नेऊन दे," त्या म्हणाल्या.

मी कागद उघडला. तेच ठळक अक्षर, तक्त्यावर होतं तसं. आठ वाजता गोळी. दहा अठ्ठावन्न, वकिलांचा फोन, आदेश मिळाला. अकरा बारा, तिला फोन केला. 'काळजी करू नका, मी बघते' म्हणाली. अकरा पंधरा, दूध घेतलं, पडदा ओढला. आणि खाली शेवटची ओळ. अकरा वीस ते एक चाळीस, झोप. सहा महिन्यांत पहिल्यांदाच एवढी लागली.

अकरा सव्वीसला मी बटण दाबलं तेव्हा त्या झोपल्या होत्या. माझ्या शब्दावर.

मी आत जाऊन पान वकिलांच्या हातात दिलं. परत आले तर सिस्टर जिन्याशी पोचल्या होत्या. मी पुढं होऊन हात केला. त्यांनी हाताकडे बघितलं, मग कठडा धरला आणि एक एक पायरी उतरू लागल्या. मी दोन पायऱ्या मागं राहून उतरत गेले.